हेस्परॉर्निस : दात असलेला लुप्त पाणबुडा पक्षी

प्रस्तावना
दंतहीन चोच आणि उड्डाणक्षम पंख ही पक्षिवर्गाची परिचित लक्षणे होत. जीवाश्मांवरून ज्ञात झालेला 'हेस्परॉर्निस रिगॅलिस' हा पक्षी मात्र दोन्ही लक्षणांना अपवाद ठरतो. प्रस्तुत लेखात त्याची शरीररचना व उत्क्रांतिशास्त्रीय महत्त्व यांचा थोडक्यात परामर्श घेतला आहे.

शोध
येल विद्यापीठातील पुराजीववैज्ञानिक ओथ्निएल चार्ल्स मार्श यांना १८७१ मध्ये अमेरिकेतील कॅन्ससच्या खडूच्या थरांत या पक्ष्याचा शिरविरहित सांगाडा मिळाला. १८७२ मध्ये त्यांनी त्याचे नामकरण केले. पुढे सापडलेल्या कवटीत दात स्पष्टपणे आढळले. सुमारे आठ कोटी वर्षांपूर्वी, क्रिटेशस कालखंडाच्या उत्तरार्धात, उत्तर अमेरिकेला दुभागणारा उथळ समुद्र येथे पसरलेला होता. हा खडू म्हणजे त्याच समुद्राच्या तळाचा गाळ होय.

शरीररचना
या पक्ष्याची लांबी सुमारे १.८ मीटर होती. पंखांचा ऱ्हास होऊन त्यांत केवळ बारीक भुजास्थी उरली होती. उड्डाणाचे स्नायू जेथे जोडलेले असतात, तो उरोस्थीचा उभा कणाही त्यास नव्हता. पोहण्याचे सर्व कार्य शरीराच्या अगदी मागील बाजूस असलेले बळकट पाय करीत. त्यामुळे जमिनीवर त्याची हालचाल अवघडच होत असावी. खालच्या जबड्यात आणि वरच्या जबड्याच्या मागील भागात, लांबट खोबणीत दात बसविलेले होते. वरच्या जबड्याचे टोक मात्र दंतहीन होते. निसरडे मासे पकडण्यास ही रचना उपयुक्त ठरली असावी.

उत्क्रांतिशास्त्रीय महत्त्व
मार्श यांचा दंतयुक्त पक्ष्यांवरील ग्रंथ १८८० मध्ये प्रसिद्ध झाला. सरीसृप व पक्षी यांच्यातील दुवा त्यातून दृढ झाला आणि डार्विन यांनी त्याच वर्षी पत्राद्वारे त्यांचा गौरव केला. आपल्या तळ्यांतील टिबुकलीशी या पक्ष्याचे पायांबाबत साम्य दिसते. तथापि तो तिचा पूर्वज नव्हे. समान जीवनपद्धतीमुळे भिन्न वंशांत सारखी रचना स्वतंत्रपणे निर्माण होते, याचे म्हणजेच अभिसारी उत्क्रांतीचे हे उत्तम उदाहरण होय.

समारोप
१८९२ मध्ये अमेरिकन काँग्रेसमध्ये हिलरी हर्बर्ट यांनी 'दात असलेल्या पक्ष्यां'वरील खर्चाची खिल्ली उडविली. भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या अनुदानात कपात झाली व मार्श यांना तेथील पद सोडावे लागले. ज्या ग्रंथास उधळपट्टीचा नमुना ठरविण्यात आले, तो आज पक्षिविज्ञानाचा पाया मानला जातो. मूलभूत संशोधनाचे मूल्य तात्कालिक उपयुक्ततेवरून ठरविणे किती धोक्याचे असते, हे यावरून स्पष्ट होते.