उद्याचे स्वप्न, कालची वस्त्रे

मेल्येसने 1902 साली चांद्रयात्रेचा मूकपट काढला, प्रोताझानोवने 1924 मध्ये ‘एलिटा’त मंगळावर श्रमिकांचे बंड घडविले आणि फ्रित्झ लांगने 1927 मध्ये ‘मेट्रोपोलिस’मधून भूगर्भनगरीतील कामगारांचा क्षोभ पडद्यावर आणला, त्याच काळात महाराष्ट्रातील चित्रपटकर्त्यांनी मात्र भविष्याऐवजी पुराणांचा आश्रय का घेतला, याचे उत्तर शोधू लागल्यास पावले प्रथम ठाण्याच्या कारागृहाकडे वळतात.

21 डिसेंबर 1909 रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात ‘शारदे’च्या प्रयोगास आलेल्या कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या गेल्या आणि 19 एप्रिल 1910 रोजी अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे व विनायक देशपांडे ठाण्याच्या तुरुंगात फासावर गेले. त्याच वर्षी खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’वर सरकारी मनाई आली, कारण त्यातील कीचकात लॉर्ड कर्झनचे रूप प्रेक्षकांनी ओळखले होते.

विज्ञान आमच्या कलावंतांच्या हातात नव्हते असे नाही. वाटाण्याच्या अंकुराची वाढ टप्प्याटप्प्याने टिपणारे दादासाहेब फाळके आणि कोल्हापुरात स्वतः कॅमेरा घडविणारे बाबूराव पेंटर यांची यंत्रबुद्धी कोणाहून उणी नव्हती. परंतु उद्याचे राज्य कोणाचे, हे उघड सांगण्याची मुभा नव्हती. 1918 च्या कायद्यान्वये 1920 मध्ये मुंबई, कलकत्ता, मद्रास व रंगून येथे परीक्षणमंडळे बसली, आणि मुंबई इलाख्यात, अर्थात ठाणे-कल्याणच्या मुलखातही, चित्रपट दाखविणे पोलीस कमिशनरच्या अध्यक्षतेखालील मंडळाच्या परवान्यावर अवलंबून राहिले. पेंटरांच्या ‘सैरंध्री’तील कीचकवधाचे दृश्य गाळावे लागले, दहा वर्षांपूर्वी रंगभूमीवरून हद्दपार झालेल्या भीमाला पडद्यावरही थारा मिळाला नाही. 1921 च्या ‘भक्त विदुर’मध्ये द्वारकादास संपत यांचा विदुर गांधीटोपी घालून अवतरला, तेव्हा मद्रास व सिंध येथे त्यावर बंदीचा हुकूम निघाला. पुढे ‘प्रभात’च्या शिवचरित्रपटाचे ‘स्वराज्याचे तोरण’ हे नाव अमान्य होऊन तो ‘उदयकाल’ झाला.

हे पट विज्ञानकथा नव्हेत. तथापि अद्याप अस्तित्वात न आलेली राज्यव्यवस्था प्रेक्षकांच्या मनश्चक्षूंपुढे उभी करणे, हे विज्ञानकथेचे मूळ कार्य त्यांनी कालची वस्त्रे पांघरून पार पाडले, म्हणून आमच्या विज्ञानपटाच्या इतिहासाची पहिली पाने त्यांचीच आहेत, असे मी मानतो. 1657 मध्ये जे कल्याण शिवरायांच्या स्वराज्यात आले, तेथील प्रेक्षकाला तो उदय कशाचा, हे सांगण्याची आवश्यकता नव्हती.