पाण्यामागें फिरणारें गांव

नदी डोंगरांत उगम पावते, सखल प्रदेशाकडे वाहते आणि अखेर समुद्रास मिळते, हें भूगोलाच्या पहिल्या पुस्तकांतील ज्ञान आपल्या मनांत इतकें पक्कें रुजलेलें असतें, कीं वर्षांतून कांहीं महिने उलटी वाहणारी नदी जगांत आहे असें कोणीं सांगितलें, तर ती एखाद्या पुराणांतील कथाच वाटावी. परंतु कंबोडिया देशांत अशी एक नदी खरोखरच आहे. तिचें नांव टोन्ले साप. या नांवाचा आपल्याकडील सर्पाशीं कांहीं एक संबंध नाहीं. ख्मेर भाषेंत 'टोन्ले' म्हणजे मोठी नदी आणि 'साप' म्हणजे अळणी, अर्थात् गोड्या पाण्याची. ही नदी ज्या विशाल सरोवरांतून निघते त्यासही हेंच नांव आहे, आणि त्या सरोवराच्या पाठीवर घरेंदारें, शाळा, दुकानें यांसह गांवेंच्या गांवें तरंगत असतात. अंकोरचीं मंदिरें पाहण्यास गेलेला प्रवासी बहुधा एखादी दुपार काढून वाटाड्याबरोबर होडींतून त्यांतील एका गांवाची फेरी करून येतो. ही फेरी कांहीं तासांची असते. परंतु तींत जें दिसतें त्याचा अर्थ समजावयाचा, तर त्या पाण्याची रीत आधीं समजून घेतली पाहिजे.

तिबेटच्या पठारावर उगम पावून चीन, म्यानमार, लाओस, थायलंड, कंबोडिया आणि व्हिएतनाम या सहा देशांना स्पर्श करणारी मेकोंग ही आग्नेय आशियाची महानदी होय. कंबोडियाची राजधानी नोम पेन्ह येथें टोन्ले साप नदी तिला मिळते, आणि तेथूनच मेकोंगचा बासाक नांवाचा फांटा निघतो. चार दिशांस चार प्रवाह दिसणाऱ्या या संगमास ख्मेर लोक 'चाक्तोमुक' म्हणतात. आपला 'चतुर्मुख' शब्दच तेथें या वेषांत वावरत आहे. या संगमापासून वर सरोवरापर्यंत नदीची लांबी सुमारें १२० किलोमीटर आहे, आणि सारा मुलूख इतका सपाट आहे, कीं पाण्याच्या पातळींत थोडा फरक पडला तरी प्रवाहाची दिशा बदलावी.

नेमकें तेंच दरवर्षीं घडतें. कोरड्या दिवसांत सरोवराचें पाणी नदीवाटे मेकोंगकडे उतरत असतें. जूनच्या सुमारास मोसमी पावसानें मेकोंग फुगते, तिची पातळी सरोवरापेक्षां उंच होते, आणि तिचें पाणी टोन्ले सापच्या पात्रांतून मागें रेटलें जाऊन सरोवरांत शिरूं लागतें. हा उलटा ओघ ऑक्टोबरच्या आसपासपर्यंत चालतो; मग पूर ओसरतो आणि नदी पुन्हां सरळ वाहूं लागते. उन्हाळ्यांत या सरोवराचा विस्तार सुमारें २,५०० चौरस किलोमीटर आणि खोली कोठें कोठें जेमतेम एक मीटर असते. भरपूर पुराच्या वर्षीं तोच विस्तार १५,००० चौरस किलोमीटरांच्या घरांत जातो, आणि खोली आठ-नऊ मीटरांवर पोहोंचते. जवळजवळ सबंध पुणें जिल्ह्याएवढा प्रदेश पाण्याखालीं जावा, आणि सहा महिन्यांनीं त्यांतला बहुतेक भाग पुन्हां उघडा पडावा, अशी ही घडामोड आहे.

या पुरास तेथील लोक संकट मानीत नाहींत. कांठचें सारें रान पाण्यांत बुडतें, आणि त्या बुडालेल्या झाडांच्या मुळांखोडांमध्यें माशांना अन्न, आडोसा व पिलांस वाढण्यास सुरक्षित जागा मिळते. मेकोंगच्या पुराबरोबर गाळ येतो, तशींच माशांचीं इवलालीं पिलेंही वाहत येतात. पाणी उतरूं लागलें कीं पोसलेली मासळी नदीकडे निघते, आणि तेथें कोळी वाट पाहत असतात. नदीच्या पात्रांत ते मोठ्या पिशवीसारखीं जाळीं ओळीनें बांधून ठेवतात. कोंकणच्या किनाऱ्यावरील डोल जाळें ज्यांनीं पाहिलें आहे, त्यांना त्या जाळ्यांची जात तेव्हांच ओळखूं येईल. लहान मासे खारवून व आंबवून 'प्राहोक' नांवाचा उग्र वासाचा पदार्थ करून ठेवतात, आणि भाताबरोबर तो वर्षभर पुरवतात. ज्या देशांत गरिबाच्या ताटांतील पौष्टिक अन्नाचा मोठा वांटा मासळीचाच आहे, त्या देशाला या सरोवराचें मोल काय आहे, हें यावरून कळेल.

हें मोल आजचें नाहीं. चीनच्या वकिलातीबरोबर १२९६ सालीं अंकोर येथें आलेला झोऊ दागुआन आपल्या वृत्तान्तांत सांगतो, कीं पावसाळ्यांत सरोवराचें पाणी इतकें चढतें, कीं उंच झाडांचे केवळ शेंडे वर राहतात, आणि कांठचे रहिवासी डोंगराकडे निघून जातात. बायोन मंदिराच्या भिंतींवर राजे आणि लढाया कोरल्या आहेत, तशाच होड्या, मासे, सुसरी आणि बाजारांत बसलेल्या बायकाही कोरल्या आहेत. अंकोर हा शब्द मुळांत 'नगर' या संस्कृत शब्दापासून आलेला. त्या नगराचीं शिखरें दगडाचीं असलीं, तरी तें उभारणाऱ्या माणसांचीं पोटें भातशेतीनें आणि या सरोवरानें भरलीं होतीं.

सिएम रीप शहरापासून दक्षिणेस दहा-पंधरा किलोमीटर गेलें, कीं नोम क्रोम नांवाची टेकडी लागते. तिच्या माथ्यावर नवव्या शतकाच्या अखेरीस बांधलेलीं ब्रह्मा, विष्णु व शिव यांचीं तीन देवळें उभीं आहेत. पायथ्याच्या बाजूस होड्यांचा धक्का आहे. लांबट, छप्पर घातलेली यांत्रिक होडी कालव्यांतून निघते. दोन्ही बाजूंस गढूळ तपकिरी पाणी आणि झुडपांचे शेंडे. येथें वाटाड्या एक भेद सांगतो, तो ध्यानांत ठेवण्यासारखा आहे. कंपोंग फ्लुकसारख्या गांवांतील घरें तरंगत नाहींत. तीं उंच खांबांवर उभीं असतात. कोरड्या दिवसांत अंगणांत उभें राहून वर पाहावें, तर घर कित्येक मीटर उंचावर दिसतें. पुराच्या दिवसांत त्याच घराच्या उंबऱ्याशीं होडी लागते. खरीं तरंगतीं गांवें निराळीं. सरोवराच्या वायव्य टोंकाचें प्रेक तोआल हें त्यांपैकीं एक. तेथें घराखालीं खांब नसतो, पाया नसतो. सारें गांव पाण्याच्या पातळीबरोबर वर चढतें व खालीं उतरतें.

अशा घराची रचना साधी, पण विचारपूर्वक केलेली असते. खालीं बांबूंचे जाड भारे, रिकामीं पिंपें किंवा जुन्या होडीचा सांगाडा. त्यावर फळ्यांची जमीन. वर हलक्या भिंती आणि पत्र्याचें किंवा झावळ्यांचें छप्पर. पाण्यांत राहून बांबू कुजतात, म्हणून कांहीं वर्षांनीं भारे बदलावे लागतात, आणि हा खर्च प्रत्येक कुटुंबास धरूनच चालावा लागतो. घरापुढें कुंड्यांतून मिरची, तुळशीच्या जातीचीं झाडें व पालेभाजी लावलेली असते. शेजारच्या तराफ्यावर डुकरांचा खुराडा, एखाद्या घरीं सुसरींचा पिंजरा. किराणा मालाचें दुकान, इंजिनें दुरुस्त करणारा कारागीर, शाळा, प्रार्थनास्थान हीं सारीं पाण्यावरच. सकाळीं शेवयांचें गरम कालवण विकणारी बाई वल्हें मारीत दारोदार जाते, आणि पांच-सहा वर्षांचीं मुलें पातेल्याएवढ्या होड्या हांकीत शेजाऱ्याकडे खेळावयास जातात.

पाणी ओसरूं लागलें, कीं गांव हलतें. कांठ दूर सरकला म्हणजे घरांचे दोर सोडतात, यांत्रिक होड्या घरें ओढूं लागतात, आणि चुलीवरची भांडीसुद्धां न उतरवितां सबंध वस्ती नव्या जागीं जाऊन लागते. पूर चढला म्हणजे वादळी लाटांपासून आडोसा मिळावा म्हणून ती पुन्हां रानाच्या कडेला येते. कांहीं गांवें वर्षांतून अनेकदां अशीं हलतात. त्यामुळें गेल्या खेपेस जेथें गांव पाहिलें, तेथें या खेपेस तें सांपडेलच असें नाहीं.

हें सारें होडींतून पाहतांना रम्य वाटतें, आणि येथेंच पाहुण्यानें सावध झालें पाहिजे. ज्या पाण्यांत गांव भांडीं घासतें, त्याच पाण्यांत मैला जातो. आणि तेंच पाणी गाळून, उकळून किंवा कधीं कधीं तसेंच प्यालें जातें. पोटाचे विकार तेथें घरोघरचे. रात्रीं वादळ उठलें तर घर दोरासकट वाहून जाण्याची धास्ती. लहान मूल रांगूं लागलें कीं तें पाण्यांत पडेल ही धास्ती निराळी. कांहीं फेऱ्यांत मुलांना गळ्यांत साप अडकवून पैसे मागावयास लावतात, किंवा शाळेच्या नांवाखालीं पाहुण्यास चढ्या भावानें तांदूळ विकत घ्यावयास भाग पाडतात. मुलाच्या हातांत पैसा ठेवणें हें दयेचें कृत्य वाटलें, तरी त्यानें तें मूल शाळेऐवजीं होडींत बसावयास शिकतें. वस्तींतील बाईकडून जेवण घेणें, गांवच्या नावाड्यास त्याचें भाडें देणें, आणि घरांत डोकावून छायाचित्र काढण्यापूर्वीं परवानगी विचारणें, हा अधिक सभ्य मार्ग होय. दुसऱ्याच्या अंगणांतून जातांना आपण जितका संकोच बाळगतों, तितका येथेंही बाळगावा. कारण तो जलमार्ग हेंच त्यांचें अंगण आहे.

या घरांत राहतात तरी कोण? ख्मेर आहेत, मुसलमान चाम आहेत, आणि पुष्कळशीं कुटुंबें व्हिएतनामी वंशाचीं आहेत. त्यांतील कित्येकांच्या पिढ्या या सरोवरावरच जन्मल्या. १९७० सालीं त्यांच्यावर कत्तल व हद्दपारी ओढवली. १९७५ नंतर ख्मेर रूज राजवटीनें उरलेल्यांस देशाबाहेर घालविलें. १९७९ नंतर अनेकजण परतले, परंतु पूर्वींचे कागदपत्र कोणाजवळ उरले नव्हते. कागद नाहीं म्हणून नागरिकत्व नाहीं. कंबोडियाच्या राज्यघटनेप्रमाणें जमीन धारण करण्याचा हक्क केवळ नागरिकांस आहे, म्हणून त्यांना जमीनही नाहीं. पाहुणा ज्याला पाण्यावर राहण्याची हौस समजतो, ती पुष्कळांच्या बाबतींत जमिनीवर पाय ठेवण्यास जागा नसल्याची स्थिति असते. २०१८ सालीं कंपोंग छनांग प्रांतांत अशा कुटुंबांस पाण्यावरून हलविण्यास सुरुवात झाली, आणि २०२१ सालीं नोम पेन्हच्या आसपासचीं तरंगतीं घरें हटविण्याचे हुकूम सुटले. पाणी स्वच्छ राहावें, नगर सुंदर दिसावें, हीं कारणें खोटीं नव्हतीं. परंतु ज्यांचें जाळें पाण्यांत आहे, त्यांचें घर माळावर नेल्यानें पोटाचा प्रश्न सुटत नाहीं.

दुसरें संकट खुद्द पाण्याचेंच आहे. मेकोंगच्या वरच्या पात्रावर चीननें मोठीं धरणें बांधलीं; लाओसमधील सायाबुरी धरणाचें वीजकेंद्र २०१९ सालीं सुरू झालें. धरण पावसाळ्यांत पाणी अडवितें आणि उन्हाळ्यांत सोडतें. म्हणजे ज्या चढउतारावर सरोवर जगतें, तोच सपाट होत जातो. त्यांत बांधकामासाठीं नदीच्या तळांतून वाळू उपसली जाते, त्यानें पात्र खोल होऊन पुराची पातळी आणखी खालावते. २०१९ आणि २०२० या दोन्ही वर्षीं पाऊसही कमी झाला, उलटा प्रवाह उशिरा आला, आणि सरोवर नेहमीप्रमाणें भरलें नाहीं. त्यापूर्वीं २०१६ च्या कोरड्या हंगामांत कांठच्या रानास मोठे वणवे लागले होते. मासेमारीचे मोठे ठेके २०१२ सालीं रद्द करून सरकारनें पाणी सामान्य कोळ्यांस खुलें केलें, आणि १९९७ पासून सरोवर युनेस्कोच्या राखीव जीवावरणांत गणलें जातें. परंतु सरोवराच्या हद्दींत केलेला कोणताही नियम हद्दीबाहेरच्या धरणाचे दरवाजे उघडूं शकत नाहीं.

कार्तिक पौर्णिमेच्या सुमारास नोम पेन्ह येथें जलोत्सव भरतो. त्या देशांतही महिन्याचें नांव कार्तिकाच्याच वळणाचें आहे. नदी वळून सरळ वाहूं लागली, मासळीचा हंगाम जवळ आला, म्हणून लांबच लांब होड्यांच्या शर्यती लागतात आणि रात्रीं दिव्यांनीं सजविलेले तराफे पाण्यावर फिरतात. सरोवरावरच्या गांवांत त्या दिवसांत जाळीं दुरुस्त होत असतात, आणि घराखालचे कुजलेले बांबू बदलले जातात. यंदा पाणी झाडांच्या कोणत्या फांदीपर्यंत चढलें होतें, हें तेथील प्रत्येक म्हाताऱ्यास विचारल्यावांचून ठाऊक असतें. होडींतून फेरी करणाऱ्यानें घरांचे रंग अवश्य पाहावे, पण झाडांच्या खोडांवरील ती पाण्याची रेघही पाहावी. ती रेघ कोठें उमटली, यावरच पुढच्या वर्षीं तें गांव काय खाणार हें ठरतें.