माया डेरेन : पदरमोड करून उभा केलेला सिनेमा

हॉलिवूडच्या टेकडीवरचं राहतं घर, १६ मिलिमीटरचा जुना बोलेक्स कॅमेरा आणि राबायला नवरा-बायको. एवढ्या भांडवलावर १९४३ मध्ये माया डेरेननं ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा सुमारे १४ मिनिटांचा चित्रपट केला. खर्च अवघा २७५ डॉलरच्या आसपास. अमेरिकी प्रायोगिक सिनेमाचा इतिहास आज या चित्रपटाला वगळून सांगताच येत नाही.

मायाचं मूळ नाव एलेनोरा. जन्म कीव्हचा, १९१७ चा. १९२२ मध्ये कुटुंब अमेरिकेत आलं. तिनं कवितेचा अभ्यास केला, मग नृत्यदिग्दर्शिका कॅथरीन डनम यांच्याकडे सचिव म्हणून नोकरी केली. चेक सिनेकार अलेक्झांडर हामिद यांच्याशी लग्न झालं आणि कॅमेरा हाती आला. कविता आणि नृत्य ही तिची खरी शिदोरी होती.

‘मेशेस’ची नायिका ती स्वतःच. एका प्रसंगात सुरी घेतलेली बाई खुर्चीत झोपलेल्या स्वतःच्याच दिशेनं निघते. पावलं पडतात ती वाळूवर, मातीवर, गवतावर, फरसबंदीवर आणि शेवटी घरातल्या गालिच्यावर. मोजून काही सेकंदांचा प्रसंग, पण ती फार लांबून, समुद्रापासून चालत आली आहे असं वाटतं. यासाठी सेट लागला नाही. पाऊल कुठे तोडायचं आणि कुठे जोडायचं, एवढी जाण पुरली. १९४५ च्या ‘अ स्टडी इन कोरिओग्राफी फॉर कॅमेरा’मध्ये तर नर्तक टॅली बीटी रानात पाय उचलतो आणि तो टेकतो थेट घराच्या खोलीत!

असे चित्रपट लावणार कोण? १९४६ मध्ये तिनं न्यूयॉर्कच्या ग्रिनिच व्हिलेजमधलं प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस भाड्यानं घेतलं आणि आपले चित्रपट स्वतःच दाखवले. लोकांनी गर्दी केली. त्यातूनच स्फूर्ती घेऊन एमॉस व्होगेल यांनी पुढच्या वर्षी ‘सिनेमा १६’ ही फिल्म सोसायटी काढली. माया मात्र प्रिंट भाड्यानं देत, व्याख्यानं करत, लेख लिहीत फिरत राहिली. १९४६ मध्ये गुगेनहाइम शिष्यवृत्ती मिळाली, १९४७ मध्ये कान महोत्सवात गौरव झाला.

शिष्यवृत्तीच्या बळावर ती हैतीत गेली. तिथल्या व्होडू विधींवर तिनं १९५३ मध्ये मोलाचा ग्रंथ लिहिला; तिथलं चित्रीकरण मात्र तिच्या हातून पुरं झालं नाही. पैशांची चणचण कायमची होती. १९६१ मध्ये मेंदूतील रक्तस्रावानं ती गेली, अवघ्या ४४ व्या वर्षी.

स्वस्तात चित्रपट करता येतो, एवढंच तिच्याकडून उचललं तर निम्मंच हाती लागतं. आपला प्रेक्षक शोधणं, त्याच्यापर्यंत स्वतः जाणं, त्याला समजावून सांगणं हेही तिनं दिग्दर्शकाचंच काम मानलं. आज फोनवर शॉर्टफिल्म करणाऱ्या प्रत्येकानं ही दुसरी मेहनत तिच्याकडून शिकायला हवी. चित्रपट करणं आता सोपं झालंय. तो मनापासून बघणारी माणसं जोडायला अजूनही तेवढेच कष्ट पडतात.