फेरतपासणी रखडली, तर दाद कुठे मागायची?

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 नुसार निकाल 30 दिवसांत, फार तर 45 दिवसांत लावणे विद्यापीठावर बंधनकारक आहे. मुंबई विद्यापीठात 2017 साली ऑनलाइन तपासणीमुळे निकाल लांबले, तेव्हा राज्यपालांनी कुलगुरूंना पदावरून दूर केले. फेरतपासणीतल्या दिरंगाईची झळही तेवढीच असते. पुढचा प्रवेश हातचा जातो.

पहिले पाऊल परीक्षा विभागाकडे लेखी अर्ज. पोच घ्याच, तोंडी आश्वासनाला पुढे काडीचीही किंमत नसते. मग विद्यार्थी तक्रार निवारण समिती. यूजीसीच्या 2023 च्या नियमांनुसार तिने शक्यतो 15 कामकाजी दिवसांत अहवाल द्यायचा असतो. निर्णय पटला नाही, तर 15 दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील करता येते. तक्रार विलंबाची आहे हे अर्जात ठळक लिहा, कारण ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवल्याशिवाय लोकपाल गुणांच्या फेरतपासणीची मागणी ऐकत नाहीत.

सोबत माहिती अधिकाराचा 10 रुपयांचा अर्ज टाका. तपासलेली उत्तरपत्रिका पाहणे आणि तिची प्रत मिळवणे हा परीक्षार्थीचा हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये आदित्य बंदोपाध्याय प्रकरणात स्पष्ट केले. उत्तर 30 दिवसांत यायला हवे.

ग्राहक आयोगात वेळ घालवू नका; परीक्षा घेणे ही ‘सेवा’ नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्येच म्हटले आहे.

वर्षच बुडण्याची वेळ आली, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. न्यायालय सहसा स्वतः गुण देत नाही, मात्र मुदतीत निकाल लावण्याचा आदेश देऊ शकते.