पुरसिसवर सही करण्याआधी

व्याजाचा हिशेब आज मांडायचं कबूल केलं होतं, पण तो पुढच्या आठवड्यात. भडगावहून आलेलं एक पत्र मला स्वस्थ बसू देत नाही.

पत्र मामांचं आहे. भाचा अपघाताच्या वेळी 30 वर्षांचा, सुरतेत बांधकामावर. सळई कापायच्या यंत्रात एका हाताची दोन बोटं गेली, त्याला 20 महिने झाले. दावा जळगावात लावलाय. (कामगार भरपाई कायद्याच्या 1995च्या दुरुस्तीमुळे कामगार राहतो तिथेच दावा लावता येतो. पोटासाठी सुरत गाठणाऱ्या आपल्या खानदेशाला या दुरुस्तीचं मोल फार मोठं.) आता ठेकेदाराचा माणूस टाइप केलेली पुरसिस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) घेऊनच घरी आला : केस काढून घे, 80 हजार रोख देतो. सही करू द्यावी का, असं मामा विचारतात.

मामा, आज नको.

त्या अर्ध्या पानावर ‘अर्जदारास प्रकरण पुढे चालवणे नाही’ एवढंच असतं. पण भरपाई कायद्याखालच्या 1924च्या नियमांतला नियम 41 दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 23चे पहिले दोन नियम भरपाई आयुक्तांपुढच्या कामाला लावतो. पहिला सांगतो, पुन्हा दाखल करण्याची मुभा न घेता दावा काढून घेतला, तर त्याच कारणावर नवा दावा नाही. मुभाही मागितली की मिळते असं नाही. दाव्यात तांत्रिक दोष किंवा तसंच सबळ कारण दाखवावं लागतं. दुसरा नियम लोकांच्या लक्षातच येत नाही. मुभा मिळाली तरी मुदत मोजताना पहिला दावा जणू लावलाच नव्हता असं धरतात. मुदत अपघातापासून दोन वर्षं, म्हणजे भाच्याच्या हातात चारच महिने. पुढे विलंबमाफी मागता येते, पण ती आयुक्तांना पटावी लागते.

आता रक्कम. अपघात नव्या सामाजिक सुरक्षा संहितेच्या आधीचा, म्हणून 1923चाच कामगार भरपाई कायदा. पगार 15,000 धरा. त्याचे 60 टक्के 9,000. तिशीचा गुणक 207.98. एका हाताची दोन बोटं म्हणजे 20 टक्के. गुणाकार 3,74,364 रुपये, व्याज वेगळं. समोर ठेवलेत 80 हजार!

तडजोड करू नका असं मी म्हणत नाही. तारखांना कंटाळलेल्या घराला पैसा लवकर हवा असतो, हे मी वर्षानुवर्षं पाहतोय. पण ती कलम 28 प्रमाणे आयुक्तांकडे नोंदवून घ्या. रक्कम अपुरी वाटली तर ते नोंदणी नाकारू शकतात, आणि भाच्याचं खरं संरक्षण तेच आहे. हक्कच सोडून देतो असा करार घरी लिहून घेतला, तर कलम 17 प्रमाणे तो रद्दबातल. तरी त्याच्या भरवशावर पुरसिस देऊ नका. करार रद्द ठरवायला पुन्हा भांडावं लागेल, आणि दावा तर हातचा गेलेला असेल.

पुढच्या वेळी व्याज नक्की. सुरुवात 1968 साली सिनेमागृहात काम करताना पडून डावा हात गमावलेल्या ओरिसातल्या सुतारापासून.