धोबीपछाड : नाव धोब्याचे, डाव इतरांचा

निवडणुकीचा निकाल लागला की मराठी वृत्तपत्रांना एक शब्द हमखास आठवतो : धोबीपछाड. भिवंडीच्या धामणकर नाक्यावर चहा पीत निकालाची चर्चा करणारेही तोच शब्द वापरतात. प्रतिस्पर्ध्याला असे लोळवायचे की त्याने उठू नये, हा अर्थ सर्वांना ठाऊक आहे. शब्द कुठून आला, हे कुणी विचारत नाही.

तो आखाड्यातून आला. पैलवान समोरच्याचा हात धरतो, झटक्यात त्याच्याकडे पाठ करतो आणि वाकून त्याला आपल्या खांद्यावरून पुढे पाठीवर आपटतो. ओला कपडा खांद्यावरून फिरवून दगडावर आपटणाऱ्या धोब्याची ही हुबेहूब हालचाल! हिंदीत ‘पछाडना’ म्हणजे चीत करणे. मराठीत पछाडते ते भूत. तरी डाव हिंदी नावानेच रुळला, नाहीतर तो ‘परीटपछाड’ झाला असता.

ज्याच्या श्रमावरून विजयाचा शब्द घेतला, त्याला जातिव्यवस्थेने काय दिले? दुसऱ्यांचे विटाळाचे कपडे धुतो म्हणून त्यालाच हलका ठरवले. मळ त्यांचा, कमीपणा याच्या माथी! धोब्याच्या कुत्र्यालाही म्हणीतून सोडलेले नाही.

आम्ही वकील, म्हणून कायद्याचेही सांगतो. उत्तर प्रदेशात धोबी अनुसूचित जातीत आहे, महाराष्ट्रात परीट-धोबी इतर मागासवर्गात. राज्यघटनेच्या कलम ३४१ प्रमाणे यादी राज्यागणिक वेगळी असते. दुसऱ्या राज्यात स्थलांतर केल्यावर तेथील आरक्षण मिळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्ये मर्री चंद्रशेखर राव प्रकरणात सांगितले आणि २०१८ मध्ये बीर सिंग प्रकरणात घटनापीठाने तेच कायम केले. म्हणजे उत्तर प्रदेशातून भिवंडीच्या यंत्रमागावर आलेला धोबी कामगार गावी अनुसूचित जातीचा. इथे त्याच्या मुलाला त्या राखीव जागेवर हक्क नाही. जात मात्र त्याच्याबरोबर रेल्वेतून येते, तिला कुणी राज्याची हद्द विचारत नाही.

अत्याचार प्रतिबंधक कायद्याची गोष्ट वेगळी आहे, आणि ती आपल्या कार्यकर्त्यांनाही पुष्कळदा ठाऊक नसते. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०२३ मध्ये स्पष्ट केले, की या कायद्याचे संरक्षण पीडिताला देशात कुठेही मिळते. त्या राज्याच्या यादीत त्याची जात असो वा नसो. तेव्हा कारखान्यात चार लोकांसमोर अशा कामगाराला कुणी सवर्णाने जातीवरून हिणवले, तर गावाकडचा जातीचा दाखला घेऊन पोलीस ठाण्यात जावे. ‘तुमची जात इथल्या यादीत नाही’ एवढ्यावर त्याला परत पाठवता येणार नाही.