‘देवळाली मिनो’ म्हणतं कोण?

इंग्रजी भाषेला देवळालीनं दोन शब्द दिले. पहिला चांगलाच गाजला. मुदत संपलेले गोरे सोजीर मायदेशी परतायच्या आधी देवळालीच्या छावणीत येऊन पडत. सैन्याच्या बोटी साधारण ऑक्टोबर ते मार्च एवढ्याच काळात सुटत. ज्याची मुदत उन्हाळ्याच्या तोंडावर संपली, त्याला पुढचे कित्येक महिने इथंच काढावे लागत. काम नाही, कवायत नाही, वर हिवताप आणि दारू. त्यात डोकं फिरलं की सोबती म्हणत, याला ‘डुलाली टॅप’ झाला. टॅप म्हणजे आपला ताप. पुढं ताप गळाला आणि ‘डुलाली’ एवढाच शब्द कोशात जाऊन बसला. आज लंडनमधली आजीबाई तो वापरते, तेव्हा आपण नाशिकजवळच्या एका गावाचं नाव घेतोय हे तिच्या गावीही नसतं.

दुसरा शब्द मात्र वापरतच कोणी नाही. ‘देवळाली मिनो’. हे एका माशाचं नाव आहे आणि माशांच्या जागतिक याद्यांमध्ये ते ‘कॉमन नेम’च्या रकान्यात, म्हणजे बोलीतल्या नावाच्या जागी, छापलेलं असतं. बोली कोणाची, हे विचारायची सोय नाही. देवळालीत, भगूरमध्ये, विहितगावात किंवा चेहेडीला नदीवर जाळं टाकणाऱ्या कोणालाही ‘देवळाली मिनो मिळेल का?’ असं विचारून पाहावं. तो तुमच्याकडे बघेल आणि त्याला तो पहिला इंग्रजी शब्द आठवला नाही तरच नवल.

मासा खरा आहे, नाव तेवढं टेबलावरचं. त्याचं शास्त्रीय नाव ‘पॅराप्सिलोऱ्हिंकस प्रेटरी’. बोटाएवढा, सडपातळ जीव. पोटाकडून चपटा, तोंड खालच्या बाजूला, छातीचे पर दोन्हीकडे आडवे पसरलेले. ही सगळी रचना वाहत्या पाण्यात दगडाला धरून राहण्यासाठी. डोंगरातून खाली येणाऱ्या ओढ्यात माणसाचा पाय ठरत नाही, तिथं हा गोट्यांच्या आडोशानं टिकून असतो. सुंदरलाल होरा आणि के. एस. मिश्रा यांनी देवळालीच्या माशांवर मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात लेखमाला लिहिली, तिच्यात 1938 साली या जातीचं वर्णन आलं. होरा भारतीय प्राणी सर्वेक्षणातले. धबधब्यांत आणि खळाळत्या पाण्यात राहणारे मासे हा त्यांचा खास विषय. हिमालय-आसामच्या ओढ्यांतले मासे आणि सह्याद्रीच्या ओढ्यांतले मासे एकमेकांसारखे का, या कोड्यातून त्यांचा ‘सातपुडा सिद्धांत’ पुढं आला: पूर्वी कधीतरी हे मासे सातपुड्याच्या रांगेनं पश्चिमेला आले असावेत, असं त्यांचं म्हणणं. तो आज जसाच्या तसा कोणी मानत नाही, पण असा प्रश्न पडणाऱ्या माणसाला देवळालीजवळच्या दारणा नदीच्या खोऱ्यातल्या या बोटभर माशाचं अप्रूप का वाटलं असेल, हे समजतं.

‘प्रेटरी’ हे एस. एच. प्रेटर यांच्यावरून. ते सोसायटीचे क्युरेटर होते, भारतीय सस्तन प्राण्यांवरचं त्यांचं पुस्तक आजही वाचलं जातं, आणि अँग्लो-इंडियन समाजाचे प्रतिनिधी म्हणून ते संविधान सभेतही बसले होते. त्याच लेखमालेत 1938 लाच आणखी एका माशाचं नामकरण झालं, ते सोसायटीतल्या ए. जी. एल. फ्रेझर यांच्यावरून: आज त्याला ‘पुंटियस फ्रेझरी’ म्हणतात. त्याचं यादीतलं इंग्रजी नाव तर आणखी गमतीचं, ‘धर्ना बार्ब’. दारणा नदीचा ‘डी’ घेतला आणि त्याला एक ‘एच’ चिकटवला. आपल्या कानाला ते नाव धरणं धरून बसलेल्या माशासारखं ऐकू येतं. दारणा, मुकणे, भावली, वालदेवी अशी धरणं ज्या खोऱ्यात झाली, तिथल्या माशाला ते अगदीच अस्थानी नाही.

बोलीनाव कसं तयार होतं, हे पाहायचं तर जरा समुद्रात जावं लागेल. प्रवाळांच्या आसऱ्यानं राहणारा एक मासा आहे. लक्षद्वीपच्या आणि मन्नारच्या आखाताच्या पाण्यातही त्याच्या जाती सापडतात. त्याच्या अंगावर षटकोनी हाडांच्या तुकड्यांचं कवच असतं आणि ते इतकं एकसंध की मासा वाकूच शकत नाही. तोंड, डोळे, पर आणि शेपटी तेवढी भोकांतून बाहेर आल्यासारखी दिसते. पिल्लू तर पिवळंधमक, त्यावर काळे ठिपके. हा प्राणी ज्यांनी ज्यांनी पाहिला त्यांनी एकमेकांना न विचारता त्याला एकच नाव दिलं. इंग्रज ‘बॉक्सफिश’ म्हणाले, ‘ट्रंकफिश’ही म्हणाले, यातली ट्रंक म्हणजे हत्तीची सोंड नव्हे, आपल्या माळ्यावरची लोखंडी ट्रंक. जर्मनांचा ‘कॉफरफिश’ म्हणजे बॅगमासा. फ्रेंचांचा ‘प्वासाँ-कॉफ्र’ म्हणजे पुन्हा पेटीच. जपानी ‘हाकोफुगू’ म्हणतात: हाको म्हणजे पेटी आणि फुगू म्हणजे आपल्या कोकणातल्या केंडाचा भाऊबंद. हवाई बेटांवर ‘पाहू’, तिथल्या भाषेत या शब्दाचा अर्थ पेटी आणि ढोलही. लिनिअसनं 1758 मध्ये ‘ऑस्ट्रासियन’ हे नाव वापरलं, ते ग्रीक कवच-खापराच्या शब्दकुळातलं, आणि जातीचं नाव ठेवलं ‘क्युबिकस’. म्हणजे लॅटिनमध्येही चौकोनी ठोकळाच.

या नावांचा वापर काटेकोर नाही, आणि खऱ्या बोलीनावाची हीच खूण म्हणायला हवी. कॅरिबियन बेटांकडे ट्रंकफिश म्हटलं की अटलांटिकमधल्या काही जाती अभिप्रेत असतात, हिंदी-प्रशांत महासागरात त्यांच्याच चुलतभावांना बॉक्सफिश म्हणतात, आणि डोळ्यांवर दोन शिंगं असली की तो काउफिश होतो. शास्त्रज्ञ वैतागतो; कोळ्याचं आणि आचाऱ्याचं काही अडत नाही. जपानच्या गोतो बेटांवर याच कवचात मिसो भरून मासा भाजतात, तेव्हा पेटी हे नाव ताटापर्यंत येतं. घाबरल्यावर हा मासा कातडीतून विष सोडतो आणि काचेच्या टाकीतले बाकीचे मासे मरतात. त्या विषाचं रसायन 1967 मध्ये जगासमोर आलं आणि त्याला नाव मिळालं ‘पाहूटॉक्सिन’. कोळ्यांचा शब्द प्रयोगशाळेत गेला तो असा. मर्सिडीजनं 2005 मध्ये या माशावरून मोटारीचा नमुना बनवला, तेही त्या आकाराच्याच मोहानं. पुढं 2015 च्या एका अभ्यासात हे कवच पोहताना माशाला स्थिर ठेवण्याऐवजी डगमगायलाच लावतं असं दिसून आलं, ती गोष्ट वेगळी.

कोळ्यांचा शब्द शास्त्रात नेण्याचं काम आपल्याकडे त्याच्या फार आधी झालं होतं. फ्रान्सिस हॅमिल्टन यांनी 1822 मध्ये गंगेच्या माशांवर ग्रंथ लिहिला, त्यात बंगाली नावं सरळ लॅटिनच्या पंगतीला बसवली. रोहिता, कटला, मृगला ही शास्त्रीय नावं त्यांची. ‘पुंटियस’ हे कुळनावसुद्धा बंगाली ‘पुंटी’वरून आलेलं. म्हणजे ‘पुंटियस फ्रेझरी’ या नावाचा अर्धा भाग बंगाली मासेवाल्यांचा आणि अर्धा मुंबईच्या साहेबाचा. दारणेचा त्यात काहीच नाही.

दख्खनच्या माशांच्या वाट्याला आले कर्नल विल्यम हेन्री साइक्स. मुंबई सरकारसाठी आकडेवारी गोळा करत ते 1820 च्या दशकात दख्खनभर फिरले, आणि 1830 च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी इथल्या माशांचं वर्णन प्रसिद्ध केलं. या माणसाचे कान इंग्रजी होते, स्पेलिंग त्याहून इंग्रजी, पण त्यानं नदीकाठी विचारलं आणि ऐकलं ते लिहून घेतलं. ‘मुल्या’, ‘मूरेह’, ‘खुद्री’, ‘कोलस’, ‘नुक्ता’, ‘बोग्गट’, ‘अलकूटी’, ‘बलूकी’, ‘सींगटी’. मोठ्यानं वाचा, मराठी ऐकू येईल. मूरेह म्हणजे मुऱ्या, रेतीत आणि गोट्यांत सरपटणारा पट्टेरी मासा. सींगटी म्हणजे शिंगटी. तिच्या काट्यांनी ज्याचा हात सुजला असेल त्याला नावाचा अर्थ सांगायची गरज नाही. नुक्ताच्या नाकाडावर टेंगूळ असतं. गारा मुल्या, टॉर खुद्री, मिस्टस सींगटी ही नावं आज टोकियोच्या संग्रहालयातही याच रूपात लिहावी लागतात, कारण पुढं कुळनाव बदललं तरी जातीचं नाव सहसा तेच राहतं. भीमा-मुळेच्या काठच्या अनाम भोयांचे शब्द कायमचे लॅटिन झाले. साइक्सच्या कामात चुका पुष्कळ आहेत, नमुने आणि चित्रं घेऊन अभ्यासक आजही त्या निस्तरत असतात. पण एवढ्या एका कारणासाठी मला हा कर्नल आवडतो.

साइक्स आणि होरा यांच्यात शंभर वर्षं गेली. तोवर मासे काठावर ओळखायचे दिवस संपले होते. ते बरणीतून कलकत्त्याला जात, कल्ल्यांची, खवल्यांची मोजणी तिथं होई, आणि बरणी पाठवणाऱ्याचं ऋण त्याच्या नावानं फेडण्याची रीत होती. यात कोणी वाईट वागलं असं नाही. होरांची वर्णनं साइक्सच्या कितीतरी पटीनं नेमकी आहेत. फक्त काठावरचा माणूस मधून निसटला. पुढं याद्या करणाऱ्यांना प्रत्येक जातीपुढं एक इंग्रजी नाव हवं झालं, तेव्हा नमुना सापडल्याचं गाव घेतलं आणि त्याला ‘मिनो’ जोडलं. मिनो हा मुळात युरोपातल्या नद्यांतला एक चिमुकला मासा. इंग्रजीत त्याचा वापर इतका सैल झाला की कुठलाही क्षुल्लक मासा मिनो आणि क्रिकेटमधला कुठलाही कच्चा संघसुद्धा मिनो. आपले क्रीडा पत्रकार तिथं ‘लिंबूटिंबू’ लिहितात. देवळालीचा लिंबूटिंबू, एवढाच त्या नावाचा ऐवज.

मराठी माणसाची माशाला नाव द्यायची हौस संपली म्हणावं तर तसंही नाही. आफ्रिकेतला तिलापिया भारतात 1952 मध्ये आला. ‘तिलापिया’ हा शब्द आफ्रिकेतल्या त्स्वाना भाषेत माशाला जो शब्द आहे त्यावरून झाला असं मानतात. आपल्या धरणांत तो मासा माजला, स्वस्तात मिळू लागला, आणि बघता बघता ‘चिलापी’ झाला. गवत खाणारा चिनी मासा ‘गवत्या’ झाला. ‘सायप्रिनस’ हे तर चक्क लॅटिन कुळनाव, मत्स्यबीज केंद्रातून बाजारात आलं आणि टोपलीत बसलं. वाम घ्या: घाटावर वाम म्हणजे नदीतला काटेरी, सापासारखा मासा, कोकणात वाम म्हणजे समुद्रातला वेगळाच, पण लांबट. दोघांचा गोत्रसंबंध नाही. सुरीखाली मात्र दोघं सारखे, म्हणून नाव एक. जो मासा विकला जातो, शिजतो, टोचतो किंवा नवसाला लागतो त्याला नाव मिळतं. महाडजवळ वाळण कोंडीतल्या महासीर माशांना लोक ‘देवाचे मासे’ म्हणतात. त्या डोहात कोणी जाळं टाकत नाही.

दारणेतला बोटभर मासा यातल्या कशातच बसत नाही. तो विकायला लहान, शिजवायला थोडा, आणि देवाच्या डोहात न राहता खळाळात राहतो. असे दगडाला चिकटणारे सगळे मासे मिळून बुट्टीत एकाच नावानं पडतात. नावाची ही काटकसर समजण्यासारखी आहे, पण तिची किंमत मोजावी लागते. पश्चिम घाटातल्या गोड्या पाण्यातील जीवांचा आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघानं घेतलेला आढावा 2011 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात प्रेटरांचा मासा अतिसंकटग्रस्त आणि फ्रेझरांचा संकटग्रस्त ठरला. धरणांनी वाहतं पाणी साचतं, वाळू उपशानं तळ उकरला जातो, गावांचं-कारखान्यांचं सांडपाणी उतरतं; खळाळत्या, प्राणवायूनं भरलेल्या पाण्यावर जगणाऱ्याची जागा चिलापी घेतो.

आंबोलीत याच्या उलट घडलं. हिरण्यकेशी नदीच्या उगमाशी, महादेवाच्या देवळापाशी सापडलेल्या माशाला 2020 मध्ये ‘शिस्टुरा हिरण्यकेशी’ हे नाव मिळालं आणि 2021 मध्ये राज्य सरकारनं ती जागा जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केली. शोधकर्त्यांपैकी एकाचे वडील तेव्हा मुख्यमंत्री होते, हे इथं नोंदवलेलं बरं. तरीही नदीचं नाव माशाच्या नावात आल्यानं बातमी गावाची झाली, हे खरंच. ‘प्रेटरी’ची बातमी होऊन होऊन कोणाची होणार?

2002 च्या जैवविविधता कायद्यानं प्रत्येक ग्रामपंचायतीनं आणि पालिकेनं लोक जैवविविधता नोंदवही करायची आहे. तिच्यात शास्त्रीय नावासोबत स्थानिक नावही लिहायचं असतं. दारणेकाठच्या नोंदवह्यांत त्या जागी ‘देवळाली मिनो’ असं देवनागरीत उतरवून मोकळं होणं सगळ्यात सोपं, आणि सगळ्यात निरुपयोगी. त्यापेक्षा इगतपुरीच्या बाजूला आषाढात ओढ्यांना पाणी चढतं तेव्हा जावं. चढणीचे मासे धरायला ठाकर आणि महादेव कोळी पोरं पहाटेच ओढ्यावर असतात. त्यांची बुट्टी पाण्याच्या घमेल्यात रिकामी करावी, होरांचं वर्णन शेजारी उघडं ठेवावं आणि चपट्या पोटाचे मासे एकेक करून वेगळे काढावेत. मग पोरांना विचारावं, यातले हे दोन सारखेच का रे? डोळे त्यांचे तरबेज असतात. फरक दिसला की नाव तीच ठेवतील, आणि ते बहुधा मिनोपेक्षा बरं असेल.